'ना' आणि 'मा' यांच्यातली जागा

आमच्या शाळेतल्या भूगोलाच्या सरांना दोन देशांचा भूगोल येत होता. भारताचा ते पगारासाठी शिकवत आणि तमाळचा मनापासून.

तमाळ कुठल्याच नकाशात सापडणार नाही. तो सरांनी स्वतः तयार केला होता. त्या देशात सूर्य उगवत नाही. उजेड डोंगराच्या कुशीतून पाण्यासारखा झिरपतो. लोक सकाळी हंडे घेऊन जातात, उजेड भरून आणतात आणि घराच्या कोपऱ्याकोपऱ्यांत थोडा थोडा ओततात. तिथे काळोखात पिकणारी एक बाजरी आहे, उलट्या दिशेने वाहणारी एक नदी आहे आणि शेजारच्या देशाशी सीमेचा जुना वाद आहे. या वादात सर तटस्थ असत. तमाळमध्ये देवळं नाहीत. तिथे एकच पवित्र वचन आहे आणि ते हंडा भरताना म्हणायचं असतं: ओमा झिरे, ना मा झिरे.

ओमा म्हणजे उजेड. उजेड झिरतो, माझ्यासाठी झिरत नाही. अर्थ एवढाच.

मी त्याच शाळेत विज्ञान शिकवायचे. सुरतेतली ती मराठी माध्यमाची शाळा, पर्वत पाटिया वस्तीच्या अलीकडे. मुलं बहुतेक खानदेशातून लूमवर, म्हणजे यंत्रमागावर, कामाला आलेल्यांची. घरी अहिराणी, रस्त्यावर गुजराती, सिनेमापुरती हिंदी आणि परीक्षेपुरती मराठी. मी प्रकाशाचा धडा काढला की मुलं विचारायची, बाई, हा आपल्याकडचा उजेड की सरांकडचा? मी एकदा चिडून सरांना विचारलं की खरे देश एवढे पडलेले असताना हा उद्योग कशासाठी. ते शांतपणे म्हणाले, "बाई, खऱ्या देशात कुणीही उठून धरण बांधतं, जिल्हा फोडतं. माझ्या देशात मला विचारल्याशिवाय एक ओढासुद्धा वळत नाही."

सर उंचीने बेताचे. शर्टाच्या खिशात तीन रंगांची पेनं: निळं भारतासाठी, हिरवं तमाळसाठी, लाल दोन्हीकडच्या चुकांसाठी. स्टाफरूममध्ये एकटे असले की ट्यूबलाईट बंद करून बसायचे. दुसरं कुणी आलं की उठून लावायचे आणि बटण दाबताना ओठांतल्या ओठांत ते वचन म्हणायचे. एकट्यासाठी उजेड सांडू नये, असा तमाळचा नियम होता. मुख्याध्यापक याला काटकसर समजत आणि सभेत आम्हाला त्यांचं उदाहरण देत. मुलं त्यांना परदेशी सर म्हणायची. नव्याने आलेल्या मुख्याध्यापकांना ते आडनावच वाटलं, कारण खानदेशात परदेशी आडनावाची माणसं पुष्कळ. त्यांनी वेळापत्रकावर तसंच लिहिलं. सरांनी हरकत घेतली नाही. माहिती बरोबर आहे, एवढंच म्हणाले.

एकदा शिक्षण खात्याचे साहेब तपासणीला आले. सातवीच्या वर्गात त्यांनी मोडक्यातोडक्या मराठीत विचारलं, सूर्य कुठे उगवतो? मग मागच्या बाकावरून एक मुलगी उठली आणि तिने अदबीने विचारलं, "साहेब, कुठल्या देशात?" मी दारातच उभी होते. साहेबांनी तिच्याकडे पाहिलं आणि वहीत काहीतरी टिपलं. पुढे अहवाल आला. त्यात शेरा होता: विद्यार्थ्यांचे परदेशांविषयीचे ज्ञान समाधानकारक.

सर आणि मी एकाच इमारतीत भाड्याने राहायचो. ते खाली, आम्ही वर. मालक कांतिभाई शेठ समोरच्या बंगल्यात राहत, कापड मार्केटात त्यांचं साड्यांचं दुकान होतं. सरांच्या बायकोला आम्ही वहिनी म्हणायचो. त्या दिवसभर दाराशी बसून शेठच्याच साड्यांना टिकल्या लावायच्या. नवऱ्याच्या देशाबद्दल त्यांचं मत फारसं चांगलं नव्हतं. "एवढा मोठा देश काढला," त्या म्हणायच्या, "पण त्यात एक किराण्याचं दुकान नाही. वचनात जिरं आहे, माझ्या डब्यात नाही."

सरांच्या भिंतीला भिंत लागून वेणूबाईची खोली होती. नवरा लूमवर, तीन पोरं आमच्या शाळेत, आणि सकाळी नळावर तिचा शब्द शेवटचा. पोरांच्या तोंडून तिने तमाळबद्दल ऐकलं आणि एके सकाळी बादली भरता भरता सरांना विचारलं, "मास्तर, तठे बी हांडा बायाच वाहतस ना?" त्या दिवशी शाळेत त्यांचं कशात लक्ष नव्हतं. दुसऱ्या दिवशी त्यांनी सातवीच्या वर्गात जाहीर केलं की तमाळमध्ये हंडे पुरुषच वाहतात, आजवर शिकवण्यात चूक झाली. लाल पेनने दुरुस्ती करायला लावली. स्वतःच्या देशात चूक मान्य करणारा सत्ताधीश मी तेवढा एकच पाहिला.

ते वचन त्यांनी आपल्या दारावरच्या हवेच्या झडपेखाली निळ्या रंगात सुबक अक्षरांत लिहिलं होतं. येणारेजाणारे ते वाचत नसत, कारण दारावर काहीतरी लिहिलेलं असणारच अशी आपल्याकडे रीत आहे.

प्लेगच्या वर्षी हे सगळं बदललं.

ते दिवस ज्यांनी पाहिले त्यांना सांगायला नको. गाव रिकामं होत होतं. आम्ही जळगावला गेलो, वेणूबाई पोरं घेऊन नंदुरबारकडे गेली, कांतिभाई बारडोलीला व्याह्यांकडे गेले. सर आणि वहिनीही बसस्टँडवर गेले होते, पण त्यांना गाडीत शिरताच आलं नाही. सरांनी प्रत्येक गाडीपाशी आधी बाकीच्यांना चढू दिलं. शेवटी वहिनींनी गाठोडं उचललं आणि घरी परत आणलं. मग त्या बाईने इतक्या दिवसांत काय केलं, तर पदर कमरेला खोचून सबंध गल्लीचं गटार रोज झाडलं, फिनेल ओतलं, उकिरडा जाळला. सर पाण्याच्या बादल्या आणून देत.

आम्ही परतलो तेव्हा आमच्या गल्लीत कुणाला काही झालेलं नव्हतं. सुरतेतल्या बहुतेक गल्ल्यांत कुणाला काही झालेलं नव्हतं, पण प्रत्येक गल्लीला आपलंच नवल वाटत होतं. कांतिभाई गाडीतून उतरले, बंगल्याचं कुलूप शाबूत पाहिलं, मग स्वच्छ गल्ली पाहिली आणि सरांच्या दारासमोर येऊन उभे राहिले. त्यांची नजर गटारावरून, फिनेलच्या डब्यावरून, वहिनींच्या फुटलेल्या हातांवरून फिरत फिरत वर गेली आणि त्या निळ्या अक्षरांवर थांबली. त्यांनी हात जोडले.

आठवडाभरात तेच वचन बंगल्याच्या दारावर आलं. ते रंगवणाऱ्या पेंटरला ओमा हा शब्द अनोळखी वाटला. त्याने आपल्या समजुतीने ॐ काढला आणि पुढे मा लिहिलं. गुजरातीत मा म्हणजे आई, माताजी. झालं. उजेडाची देवी झाली. दुसऱ्या ओळीत जागा कमी पडली म्हणून पेंटरने ना आणि मा जोडून टाकले. नामा म्हणजे व्यापाऱ्याचा जमाखर्च. तेव्हा आता वचन असं झालं: ॐ मा झिरे, नामा झिरे. म्हणजे देवी झिरो आणि हिशेबाच्या चोपड्यांत झिरो.

सर धावत बंगल्यावर गेले. सोबत मलाही नेलं, कारण माझं गुजराती बरं होतं. त्यांनी समजावलं की यात देवी नाही, चोपडी नाही, आणि मुख्य म्हणजे ना आणि मा यांच्यात जागा सोडायला हवी. जागा सोडली तर 'माझ्यासाठी नाही' असा अर्थ होतो, बुजवली तर 'माझ्याच खात्यात' असा होतो. कांतिभाईंनी आम्हाला थंडगार ताक पाजलं, सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मास्तर, अर्थ में मत जाओ. काम करता है के नहीं, ये देखो."

आणि ते काम करत होतं. गाव पुन्हा उघडलं, बाजार चढला, दिवाळीचा माल हातोहात गेला. सगळ्यांचाच गेला, पण शेठनी श्रेय देवीला दिलं. दुकानाच्या पाटीवर वचन देवनागरीतच आलं. मग साड्यांच्या खोक्यांवर आलं. मग रिक्षांच्या मागे चिकटवायचे स्टिकर निघाले, सोनेरी आणि हिरव्या रंगात. गुजराती लिपीत छापताना झिरेचं झीरे झालं आणि माता झीरेमा झाली. पलसाण्याकडच्या एका डाइंग मिलच्या मालकाने बॉयलरवर झीरेमाचा फोटो लावला म्हणे. फोटो कुणाचा, हे मला आजतागायत कळलेलं नाही.

सर प्रत्येकाला गाठून सांगायचे. रिक्षा थांबवायचे, भाडं न ठरवता व्याकरण सांगायचे. रिक्षावाले त्यांना पैसे मागणारा समजून पुढे जायचे. वर्गात मात्र खरं वचन चालू होतं. वेणूबाईची पोरंसुद्धा ना नंतर श्वास घ्यायची, मग मा म्हणायची.

पुढे शेठनी एका शास्त्रींना प्रवचनासाठी बोलावलं. गल्लीत मांडव पडला. शास्त्रींचा आवाज गोड होता आणि त्यांना अवघड असं काही वाटत नसे. त्यांनी सांगितलं की हा मंत्र एका लुप्त झालेल्या शाखेतला आहे, आणि दाराशी आलेलं तेज दुसरीकडे जाऊ न देता आपल्याच घरी साठवावं असा त्याचा गूढार्थ आहे. सर उभे राहिले. मी त्यांचा शर्ट खेचला, पण ते उभे राहिलेच. म्हणाले, अर्थ नेमका उलटा आहे. शास्त्री प्रेमळपणे हसले आणि म्हणाले, "आपका संस्कृत थोड़ा कच्चा है."

सर म्हणाले की हे संस्कृत नाहीच, ही तमाळची भाषा आहे आणि ती मी बनवली आहे.

"तो फिर उतना ही कच्चा है," शास्त्री म्हणाले. मांडव हसला. त्या रात्री वहिनींनी मला सांगितलं की सर जेवले नाहीत. स्वतःच्या भाषेत नापास होणं सोपं नसतं.

यानंतर त्यांनी जे केलं ते मला दुसऱ्या दिवशी शाळेत कळलं. शाळेचे तास आटोपून ते भर दुपारी कापड मार्केटात गेले, शेजारच्या दुकानातून स्टूल मागून आणलं आणि कांतिभाईंच्या पाटीवरचा नामा पट्टीने खरवडायला लागले. पूर्ण शब्द नाही. ना आणि मा यांच्यामधली फक्त वरची रेघ. एका बोटाची जागा झाली की ते उतरणार होते. पण सोनेरी रंग पक्का होता आणि सरांचा स्वभाव नेटका. त्यांना कड सरळ हवी होती. तेवढ्यात गर्दी जमली. कुणी म्हणालं चोर आहे, कुणी म्हणालं माताजीचं नाव पुसतोय. दुसरी बातमी जास्त वेगाने पसरली. दोनचार हात त्यांच्यावर पडले. चष्मा फुटला.

शेठनी पोलीस बोलावले नाहीत. ते वाईट नव्हते, आणि पोलिसांत गेलं तर मंत्र कुठून आला हा प्रश्न निघाला असता. त्यांनी सरांना घरी बोलावलं आणि मार्ग सुचवला. सरांनी रविवारी बंगल्यात मांडलेल्या झीरेमापुढे येऊन सांगायचं की हे वचन मी केलेलं नाही, मातेने माझ्या कानात सांगितलं. शाल मिळेल, नारळ मिळेल, लोक पाया पडतील. वहिनींना टिकल्या लावायची गरज राहणार नाही. नाही सांगितलं तर भावना दुखावल्याचं निवेदन शाळेत जाईल, आणि खोलीचंही बघावं लागेल.

वहिनी त्या संध्याकाळी वर आमच्याकडे आल्या. मला वाटलं, त्या मला सरांची समजूत घालायला सांगतील. पण त्या म्हणाल्या, "बाई, त्यांनी आयुष्यात काही केलं नाही. पगारवाढ नाही, घर नाही. एक वाक्य केलं. तेही दुसऱ्याचं आहे म्हणून सांगायला कसं सांगू?"

रविवारी सर गेले नाहीत.

सोमवारी त्यांच्या खोलीतला दिवा लागला नाही. सगळ्या खोल्यांच्या लाईनी शेठच्या बोर्डावरून यायच्या आणि सरांच्या खोलीचा फ्यूज तिथून काढून नेला होता. शेठच्या बोर्डाच्या वर, अर्थातच, ॐ मा झिरे लिहिलेलं होतं. शाळेतही निवेदन पोचलं. मुख्याध्यापकांनी सरांना बोलावून सांगितलं की तुम्ही यापुढे फक्त एकाच देशाचा भूगोल शिकवा, आणि तो शासनमान्य असावा.

वहिनी सूर्य मावळला की काम बंद करायच्या. चिमणीच्या उजेडात टिकल्या दिसत नाहीत. सर दाराशी बसून असायचे. मी वर बोलावलं तर म्हणाले, ठीक आहे बाई, तमाळमध्येही असे दिवस येतात. मी त्यांचे तपासायचे पेपर वर आणून आमच्याकडे बसून तपासत असे. त्यापलीकडे काय करावं मला सुचलं नाही. इमारतीत सगळेच हळहळत होते आणि सगळेच शेठचे भाडेकरू होते.

मग एका संध्याकाळी मी शाळेतून परतले तर सरांच्या घरात बल्ब लागलेला. वेणूबाईच्या झडपेतून एक काळी वायर निघाली होती, भिंतीवरून सरपटत सरांच्या दारावर आली होती आणि त्या निळ्या अक्षरांच्या अगदी मधून, ना आणि मा यांच्यातल्या जागेतून वर चढून झडपेतून आत गेली होती. मुद्दाम तशी घातली नव्हती. तिथे एक जुना खिळा होता.

शेठना कळायला वेळ लागला नाही. दुसऱ्याच दिवशी त्यांनी वायरमन पाठवला. उत्तरेकडचा माणूस, खांद्यावर शिडी, कमरेला पक्कड. इमारतीतले आम्ही सगळे गॅलरीत आलो. त्याने शिडी लावली, वर चढला, पक्कड काढली आणि वायरच्या दोन्ही बाजूंची अक्षरं वाचू लागला. ओठ हलवत त्याने दोनदा वाचलं.

"ये तो शेठवाला मंत्र है," तो म्हणाला. "लेकिन अलग लिखा है."

सर खाली बनियनवर उभे होते, दोरीने बांधलेला चष्मा नाकावर. म्हणाले, हेच मूळ आहे.

"मतलब क्या है?" वायरमनने विचारलं.

गॅलरीत मी एकदम सरांकडे पाहिलं. दीड वर्ष ते वचन गावभर फिरत होतं. दारांवर, पाट्यांवर, खोक्यांवर, रिक्षांवर चढलं होतं. हा प्रश्न आजवर कुणीच केला नव्हता. सरांचा चेहरा आधी उजळला आणि मग काळजीत पडला. त्यांनी सावकाश, वर्गात सांगतात तसा अर्थ सांगितला. उजेड झिरतो, माझ्यासाठी झिरत नाही.

वायरमनने हातातल्या वायरकडे पाहिलं. त्याने पक्कड थोडी खाली घेतली. "तो फिर इसको काटूँ कि नहीं?"

आता सरांनी फक्त नको म्हणायचं होतं. देवाचं नाव घेतलं असतं तरी काम भागलं असतं. वहिनी दारात येऊन उभ्या होत्या, हातात अर्धी झालेली साडी. सरांनी त्यांच्याकडे पाहिलं नाही, बहुधा मुद्दामच. ते म्हणाले, "हे मीच लिहिलंय. मला पाहिजे तसा अर्थ माझ्या सोयीसाठी काढणं बरं नाही. तुम्हाला शेठनी सांगितलंय ते काम तुम्ही करा." आणि वायरमनला मराठी नीट कळलं नसेल म्हणून हाताने वायरकडे बोट दाखवलं, काढा म्हणून.

वहिनींनी डोळे मिटले. मला सरांचा इतका राग त्याआधी कधी आला नव्हता.

तेवढ्यात वेणूबाई बाहेर आली. तिचे हात पिठात होते. ती शिडीच्या पायाशी जाऊन उभी राहिली, पण बोलली ती वायरमनशी नाही, सरांशी.

"मास्तर," ती म्हणाली, "उजेड कोना बी असो, तार मनी शे. तुमी कोन काढाले सांगनारा?"

दिव्याच्या तारेविषयी तमाळमध्ये काहीच ठरलेलं नव्हतं.

वायरमनने वरून विचारलं, ही बाई काय म्हणते? मी गॅलरीतून हिंदीत सांगितलं की वायर तिची आहे आणि ती कापली तर भरून द्यावी लागेल. दुसरं वाक्य माझं होतं. त्याने पक्कड कमरेला लावली, शिडी उतरली, खांद्यावर घेतली आणि शेठना काय सांगायचं ते पुटपुटत गल्लीबाहेर गेला. वेणूबाई भाकरी करायला आत गेली.

सरांनी आत जाऊन खुंटीवरच्या शर्टाच्या खिशातलं हिरवं पेन काढलं, पण लिहिलं काहीच नाही. वहिनींनी साडी पुन्हा मांडीवर घेतली होती आणि त्यांना सुईत दोरा ओवून हवा होता. सर बल्बखाली बसले, सुई डोळ्यांजवळ धरली आणि फुटक्या चष्म्यातून भोक शोधू लागले.